वाचक विचारतात : टिम रसर्ट आणि रविवार सकाळची उलटतपासणी

गेल्या काही महिन्यांत राजकीय मुलाखतींविषयी आलेल्या पत्रांपैकी बरीच पत्रे एकाच माणसाभोवती फिरणारी आहेत. अमेरिकेतील एनबीसी या दूरचित्रवाणी संस्थेच्या ‘मीट द प्रेस’ कार्यक्रमाचे 1991 ते 2008 या काळातील सूत्रसंचालक टिम रसर्ट हा तो माणूस. त्यामुळे या वेळचे सदर त्यांनाच दिले आहे. पत्रे संक्षिप्त केली आहेत.

प्रश्न : मी पत्रकारितेची विद्यार्थिनी आहे. रसर्ट यांनी आधी कधीही वार्ताहर म्हणून काम केलेले नसताना ते थेट देशातल्या सर्वांत जुन्या राजकीय कार्यक्रमाचे सूत्रसंचालक झाले, असे वाचनात आले. हे खरे आहे काय? आणि खरे असेल, तर आम्ही बातमीदारीपासून सुरुवात का करावी?

उत्तर : आपण वाचले ते खरे आहे, फक्त त्यातील ‘थेट’ हा शब्द काढून टाकावा लागेल. रसर्ट यांचा जन्म 7 मे 1950 रोजी न्यूयॉर्क राज्यातील बफलो शहरात, दक्षिण भागातील आयरिश कॅथलिक वस्तीत झाला. दुसऱ्या महायुद्धात भाग घेतलेले त्यांचे वडील शहराच्या सफाई खात्यात नोकरी करत आणि जोडीला वर्तमानपत्राचे गठ्ठे पोहोचवणारी गाडी चालवत. शिक्षणाच्या खर्चासाठी रसर्ट यांनीही उन्हाळी सुट्टीत कचरागाडीवर काम केले होते. शालेय शिक्षण कनिशियस या जेझुइट शाळेत, पदवी क्लीव्हलँडजवळच्या जॉन कॅरल विद्यापीठातून आणि त्यानंतर 1976 मध्ये क्लीव्हलँडमध्येच कायद्याची पदवी, असा त्यांचा प्रवास आहे. बातमीदारीचा वर्ग त्यात कोठेही नाही.

त्यांचे खरे प्रशिक्षण झाले ते राजकारण्यांच्या कचेरीत. न्यूयॉर्कचे सिनेटर डॅनियल पॅट्रिक मॉयनिहॅन यांच्याकडे ते लागले आणि पुढे त्यांच्या कार्यालयाचे प्रमुख झाले. नामांकित विद्यापीठांतून आलेल्या सहकाऱ्यांसमोर आपण कमी पडू अशी धास्ती त्यांना सुरुवातीला वाटत असे. तेव्हा, त्यांना जे येते ते तुला शिकता येईल, पण तुला जे ठाऊक आहे ते त्यांना कधीच शिकता येणार नाही, अशा आशयाचे काही मॉयनिहॅन यांनी सांगितले, ही आठवण रसर्ट पुढे अनेकदा सांगत. 1983 व 1984 या वर्षांत ते राज्याचे गव्हर्नर मारियो कुओमो यांचे सल्लागार होते. दोन्ही नेते डेमोक्रॅटिक पक्षाचे, ही गोष्ट पुढच्या एका प्रश्नासाठी लक्षात ठेवावी.

1984 मध्ये एनबीसीने त्यांना घेतले तेही कॅमेऱ्यासमोर नव्हे, तर वृत्तविभागाच्या व्यवस्थापनात. पुढच्याच वर्षी पोप जॉन पॉल दुसरे यांना सकाळच्या ‘टुडे’ कार्यक्रमात रोमहून आणण्याची जुळवाजुळव त्यांनी केली. तेव्हापासून संस्थेत त्यांचा शब्द वजनदार झाला. 1988 मध्ये ते वॉशिंग्टन ब्युरोचे प्रमुख झाले. राजधानीत काय शिजते आहे आणि त्यामागचे हिशेब कोणते, हे ते वरिष्ठांना इतक्या नेमकेपणाने समजावून सांगत, की हे दूरध्वनीवर सांगण्याऐवजी पडद्यावर सांगा, असा आग्रह झाला. त्यातून आधी विश्लेषक आणि 8 डिसेंबर 1991 पासून ‘मीट द प्रेस’चे सूत्रसंचालक, अशी पायरी चढली गेली.

आता आपल्या प्रश्नाचा दुसरा भाग. रसर्ट यांनी बातमीदारी केली नव्हती, म्हणून ती अनावश्यक आहे असा निष्कर्ष काढू नये. नेता मुलाखतीला येण्याआधी त्याच्या कचेरीत काय घडते, कोणत्या प्रश्नाला बगल द्यायची हे कोण ठरवते, आकडे कसे मांडले जातात आणि कसे झाकले जातात, हे त्यांना माहीत होते, कारण ते सारे त्यांनी स्वतः केले होते. टेबलाच्या पलीकडच्या बाजूला घालवलेली ती वर्षे हे त्यांचे भांडवल होते. मात्र बातमीदाराला लागणारी एक सवय त्या वर्षांनी त्यांना दिली नाही, असे माझे मत आहे. ती कोणती, हे ओघात येईलच.

प्रश्न : रसर्ट यांच्या प्रश्न विचारण्याच्या पद्धतीत नेमके वेगळे काय होते? यूट्यूबवरच्या जुन्या मुलाखती पाहताना त्यांचा आवाज चढलेला दिसत नाही, मग समोरचा माणूस इतका अस्वस्थ का होतो?

उत्तर : हा प्रश्न आल्याचा आनंद झाला, कारण रसर्ट यांच्या कारकिर्दीचे सारे मर्म येथे आहे.

‘मीट द प्रेस’ हा कार्यक्रम दूरचित्रवाणीवर 6 नोव्हेंबर 1947 पासून चालू आहे. मार्था राउंट्री या त्याच्या पहिल्या सूत्रसंचालक, तर लॉरेन्स स्पिव्हॅक हे सहसंस्थापक. पत्रकारांचे एक मंडळ आणि समोर एकटा पाहुणा, असे त्याचे मूळ रूप होते. सूत्रे हाती आल्यावर रसर्ट यांनी वृद्ध स्पिव्हॅक यांना यशाचे रहस्य विचारले. पाहुण्याविषयी आणि त्याच्या भूमिकांविषयी शिकता येईल तेवढे सगळे शिकून घे आणि मग त्याच्या विरुद्ध बाजूने बोल, हे त्यांना मिळालेले उत्तर. वकिलीचे शिक्षण घेतलेल्या माणसाला यात नवीन काहीच नव्हते. न्यायालयात साक्षीदाराची उलटतपासणी अशीच होते.

1992 मध्ये कार्यक्रम अर्ध्या तासाचा एक तासाचा झाला. बाहेरून हा वेळापत्रकातला बदल दिसतो, पण त्याशिवाय ही पद्धत चाललीच नसती. अर्ध्या तासात मुरलेला राजकारणी दोन-चार पाठ केलेली वाक्ये घोळवून वेळ मारून नेतो. तासभर त्याच माणसाला त्याच खुर्चीत बसवले, की पाठांतर संपते.

पद्धत साधी होती. पाहुण्याने काही महिन्यांपूर्वी किंवा काही वर्षांपूर्वी जे म्हटले असेल ते तारखेसह पडद्यावर दाखवायचे, शांतपणे मोठ्याने वाचायचे किंवा चित्रफीत असेल तर ती लावायची आणि आजच्या भूमिकेशी ते कसे जुळते, एवढेच विचारायचे. प्रश्नकर्त्याचे मत त्यात कोठेच नसते. पाहुण्याला वाद घालायचा असेल तर तो स्वतःशीच घालावा लागतो. आवाज न चढताही माणूस अस्वस्थ होतो तो यामुळे.

बराक ओबामा यांची 22 ऑक्टोबर 2006 ची मुलाखत याचे उत्तम उदाहरण आहे. त्याच वर्षी जानेवारीत याच कार्यक्रमात त्यांनी सांगितले होते, की आपण सिनेटची सहा वर्षांची मुदत पूर्ण करणार आणि 2008 ची अध्यक्षीय निवडणूक लढवणार नाही. रसर्ट यांनी ते उत्तर लावून दाखवले आणि विचारले, की हे अजून खरे आहे का. ओबामांपुढे दोनच वाटा होत्या : जुने वाक्य पुन्हा उच्चारून स्वतःला बांधून घेणे, किंवा विचार बदलत असल्याचे मान्य करणे. त्यांनी दुसरी वाट धरली, आणि अध्यक्षपदाच्या शक्यतेचा आपण विचार केला आहे हे त्यांच्या तोंडून प्रथमच इतक्या स्पष्टपणे बाहेर आले. या संपूर्ण प्रसंगात रसर्ट यांनी एकही बोचरा शब्द वापरलेला नाही.

याच शस्त्राचे दुसरे रूप म्हणजे साधा माहितीचा प्रश्न. नोव्हेंबर 1991 मध्ये, सूत्रसंचालक होण्याच्या काही आठवडे आधी, ते प्रश्नकर्त्यांच्या मंडळात होते आणि समोर डेव्हिड ड्यूक होते. कू क्लक्स क्लॅन या वंशद्वेष्ट्या संघटनेचे हे माजी नेते लुइझियाना राज्याच्या गव्हर्नरपदासाठी उभे होते. त्यांच्या वंशद्वेषावर बोट ठेवणारे पुष्कळ होते आणि त्या आरोपांची उत्तरे ड्यूक यांनी घोटून ठेवली होती. रसर्ट यांनी त्यांना राज्यात सर्वाधिक रोजगार देणारे तीन उद्योग कोणते, एवढेच विचारले. ड्यूक यांना एकही नाव सांगता आले नाही. राज्याच्या अर्थव्यवस्थेला वर काढण्याची भाषा करणाऱ्या उमेदवाराची तयारी किती आहे, हे मतदारांना त्या क्षणी दिसले.

पण हेच शस्त्र वाकड्या हाताने धरले तर काय होते, तेही पाहावे. जून 2003 मध्ये अध्यक्षपदाचे इच्छुक हॉवर्ड डीन यांना रसर्ट यांनी सैन्यदलांत सक्रिय सेवेवर किती लोक आहेत, असे विचारले. डीन यांनी नेमका आकडा सांगता येत नाही, दहा ते वीस लाखांच्या आसपास असावा, असे उत्तर दिले. प्रत्यक्ष आकडा सुमारे 14 लाख होता, म्हणजे उत्तर चुकलेलेही नव्हते. तरी दुसऱ्या दिवशी चर्चा झाली ती डीन यांची फजिती झाल्याची. त्यांचे संरक्षणविषयक धोरण काय आहे, हा प्रश्न बाजूला राहिला. ड्यूक यांना विचारलेल्या प्रश्नाच्या उत्तरातून काही कळले, डीन यांच्याबाबतीत फक्त गुण कापले गेले. तयारीचा गर्व चढला की मुलाखतीची परीक्षा होते, आणि रसर्टही त्यातून सुटले नाहीत.

प्रश्न : 2000 सालच्या निवडणुकीतील पांढऱ्या फळ्याची गोष्ट नेहमी सांगितली जाते. त्यात एवढे विशेष काय होते?

उत्तर : अमेरिकेचा अध्यक्ष देशभरातील एकूण मतांवर थेट निवडून येत नाही. राज्यागणिक ठरलेली निर्वाचक मते असतात, ती एकूण 538 आहेत आणि जिंकण्यासाठी 270 लागतात. 7 नोव्हेंबर 2000 च्या रात्री जॉर्ज बुश आणि अल गोर यांच्यात ही बेरीज अगदी काठावर आली. वाहिन्यांच्या स्टुडिओंमध्ये लखलखते नकाशे आणि संगणकीय आलेख चालू असताना रसर्ट एक छोटा पांढरा फळा आणि मार्कर घेऊन बसले, राज्ये मांडत आणि खोडत राहिले, आणि अखेरीस सगळा निकाल कोठे अडला आहे हे सांगण्यासाठी त्यांनी त्या राज्याचे नाव तीनदा उच्चारले : फ्लोरिडा, फ्लोरिडा, फ्लोरिडा. त्या राज्याकडे 25 निर्वाचक मते होती आणि ती मिळाल्याशिवाय दोघांपैकी कोणीही 270 पर्यंत पोहोचत नव्हता.

त्याच रात्री सगळ्या मोठ्या वाहिन्यांनी, एनबीसीसह, फ्लोरिडा आधी गोर यांना देऊन टाकले, मग ते परत घेतले, पहाटे बुश यांना दिले आणि तेही परत घेतले. म्हणजे कोट्यवधींची यंत्रणा दोनदा तोंडघशी पडली आणि हाताने मांडलेली बेरीज टिकली. सर्वोच्च न्यायालयाच्या 12 डिसेंबरच्या निकालानंतर बुश तेथे अवघ्या 537 मतांनी विजयी ठरले. फळ्यातली जादू एवढीच होती, की प्रेक्षकाला उत्तर न देता त्याच्यासमोर गणित सोडवले जात होते. पदरचे मत म्हणून सांगतो, आजच्या निवडणूक रात्री पाहताना त्या फळ्याची आठवण वरचेवर येते.

रिपब्लिकन राज्ये लाल आणि डेमोक्रॅटिक राज्ये निळी, ही भाषाही रसर्ट यांनी रूढ केली, असे म्हटले जाते. रूढ होण्यात त्यांचा वाटा नक्कीच आहे. पण हे रंग काही पूर्वापार ठरलेले नव्हते. 1976 मध्ये खुद्द एनबीसीच्याच नकाशावर रिपब्लिकन फोर्ड यांची राज्ये निळी आणि डेमोक्रॅट कार्टर यांची लाल होती.

प्रश्न : आयुष्याची उमेदीची वर्षे एका पक्षाच्या नेत्यांकडे घालवलेला माणूस निःपक्षपाती कसा राहील?

उत्तर : शंका रास्त आहे, पण पुरावा तिच्या बाजूने फारसा नाही. सप्टेंबर 2000 मध्ये बफलो येथे झालेल्या सिनेट निवडणुकीच्या वादसभेत आणि पुढे ऑक्टोबर 2007 मध्ये फिलाडेल्फिया येथील वादसभेत त्यांनी हिलरी क्लिंटन यांना जेवढे घेरले, तेवढे फार थोड्या रिपब्लिकनांना घेरले असेल. जुन्या घराविषयीचा जिव्हाळा जाहीर होऊ नये म्हणून ते डेमोक्रॅटांशी अधिकच कठोर वागत, असाही आक्षेप घेतला गेला. माझ्या मते त्यांची अडचण पक्षाची नव्हती, ती वेगळी होती आणि पुढच्या पत्रात ती आलीच आहे.

प्रश्न : इराक युद्धापूर्वी उपाध्यक्ष डिक चेनी यांना रसर्ट यांनी मोकळे व्यासपीठ दिले, असा आरोप होतो. आपण त्यांचे कौतुक करता, तेव्हा याचे उत्तर द्यावे.

उत्तर : आरोपात तथ्य आहे. 8 सप्टेंबर 2002 रोजी चेनी ‘मीट द प्रेस’वर आले, त्याच सकाळी न्यूयॉर्क टाइम्सने इराकने मागवलेल्या ॲल्युमिनियमच्या नळ्यांविषयी पहिल्या पानावर बातमी दिली होती. अणुबाँबसाठी लागणारे युरेनियम शुद्ध करण्यासाठी या नळ्या आहेत, असा सरकारी सूत्रांचा दावा त्या बातमीत होता. कार्यक्रमात चेनी यांनी त्याच बातमीचा आधार घेऊन आपला मुद्दा भक्कम केला. सरकारनेच बाहेर सोडलेली माहिती वर्तमानपत्रातून फिरून पुन्हा सरकारच्याच तोंडी पुरावा म्हणून आली. 16 मार्च 2003 रोजी, युद्ध सुरू होण्याच्या काही दिवस आधी, अमेरिकी सैन्याचे मुक्तिदाते म्हणून स्वागत होईल, हेही चेनी यांनी याच कार्यक्रमात सांगितले. त्या वेळी रसर्ट यांनी, तसे झाले नाही तर काय, हे विचारले होते. ते गप्प बसले होते असे म्हणणे अन्यायाचे होईल.

तरी पद्धत का अपुरी पडली, हे पाहिले पाहिजे. माणसाची दोन विधाने एकमेकांशी जुळत नसतील तर रसर्ट ती विसंगती हमखास पकडत. पण एखादा माणूस चुकीची गोष्टच सातत्याने, न डगमगता, प्रत्येक ठिकाणी तशीच सांगत असेल, तर जुनी कात्रणे काय करणार? चेनी यांच्या बोलण्यात विसंगती नव्हती. त्यांना अडवायला त्यांचे जुने वाक्य उपयोगाचे नव्हते, त्या नळ्या कशासाठी आहेत याविषयी सरकारमध्येच वेगळे मत असलेल्या तज्ज्ञांचे म्हणणे हवे होते. आणि ते जाहीर दप्तरात नसते, ते जाऊन काढावे लागते. 2007 मध्ये एका माहितीपटात याविषयी विचारले असता रसर्ट म्हणाले, की त्या शंका असणाऱ्यांचा फोन आपल्याला आला असता तर बरे झाले असते. हे उत्तर प्रामाणिक आहे, आणि म्हणूनच ते अधिक खटकते. फोन यायची वाट पाहणे ही राजकारण्याच्या कचेरीतली सवय आहे. बातमीदार स्वतः फोन लावतो. पहिल्या पत्रातील विद्यार्थिनीला जी सवय म्हटले ती हीच.

याच काळातील दुसरे प्रकरणही सांगितले पाहिजे. सीआयएच्या अधिकारी व्हॅलेरी प्लेम यांची ओळख फोडल्याच्या चौकशीत चेनी यांचे कार्यालयप्रमुख लुइस लिबी यांनी सांगितले, की ही माहिती आपल्याला जुलै 2003 मध्ये रसर्ट यांच्याकडून फोनवर कळली. फेब्रुवारी 2007 मध्ये रसर्ट यांनी शपथेवर ते नाकारले. लिबी यांनी फोन केला होता तो संस्थेच्या दुसऱ्या एका कार्यक्रमातील टीकेची तक्रार करण्यासाठी, आणि प्लेम यांचा विषय निघालाच नव्हता, अशी त्यांची साक्ष होती. मार्चमध्ये लिबी पाचपैकी चार आरोपांत दोषी ठरले.

साक्ष रसर्ट यांच्या बाजूने लागली, पण खटल्यात बाहेर आलेल्या दोन गोष्टी त्यांना भूषणावह नव्हत्या. चौकशीत बोलावण्याविरुद्ध त्यांची संस्था पत्रकारी गोपनीयतेच्या नावाने न्यायालयात झगडली होती, पण त्यापूर्वीच, 2003 मध्ये, रसर्ट एफबीआयच्या अधिकाऱ्याशी या विषयावर बोलून चुकले होते. शिवाय वरिष्ठ अधिकाऱ्यांशी होणारे संभाषण वेगळे ठरले नसेल तर आपण ते प्रसिद्धीसाठी नाही असेच धरून चालतो, असे त्यांनी साक्षीत सांगितले. नेहमीचा रिवाज याच्या उलट आहे : गोपनीयता आधी मागावी लागते. चेनी यांच्या प्रसिद्धी अधिकारी कॅथी मार्टिन यांनी तर याच खटल्यात सांगितले, की उपाध्यक्षांना ‘मीट द प्रेस’वर पाठवणे हा आपले म्हणणे आपल्या ताब्यात ठेवून मांडण्याचा उत्तम मार्ग वाटत असे. देशातल्या सर्वांत कठीण मुलाखतकाराविषयी सत्ताधाऱ्यांच्या कचेरीत हे मत असावे, याहून बोचरी टीका कोणत्याही समीक्षकाने केलेली नाही. कठीण परीक्षेत बसल्याचे श्रेय मिळते आणि प्रश्नपत्रिका मात्र आपल्याच जुन्या उत्तरांवर बेतलेली असते, हे त्यांनी ओळखले होते.

प्रश्न : रसर्ट यांचा शेवट कामावर असतानाच झाला, हे खरे का? त्यांच्यानंतर कार्यक्रमाचे काय झाले?

उत्तर : होय. 2008 ची, पक्षाचा उमेदवार ठरवणारी प्राथमिक निवडणूक त्यांनी शेवटपर्यंत मांडली. 6 मे रोजी नॉर्थ कॅरोलायना आणि इंडियाना येथील निकाल आल्यावर त्या रात्री उशिरा, डेमोक्रॅटिक उमेदवार कोण असणार हे आता आपल्याला कळले आहे, असे त्यांनी सांगितले आणि वास्तवात हिलरी क्लिंटन यांची मोहीम अजून महिनाभर चालायची असतानाही वॉशिंग्टनने ते वाक्य निकाल म्हणून स्वीकारले. दुसऱ्या दिवशी त्यांना 58 वर्षे पूर्ण झाली. मुलाच्या पदवीनिमित्त कुटुंबासह इटलीला जाऊन परतल्यावर, 13 जून 2008 रोजी, वॉशिंग्टन कार्यालयात रविवारच्या कार्यक्रमाचे निवेदन ध्वनिमुद्रित करताना हृदयविकाराच्या झटक्याने त्यांचे निधन झाले. साडेसोळा वर्षे, म्हणजे इतर कोणाहीपेक्षा अधिक काळ, त्यांनी तो कार्यक्रम सांभाळला होता.

टॉम ब्रोकॉ यांनी निवडणूक संपेपर्यंत सूत्रे हाती घेतली. त्यानंतर डेव्हिड ग्रेगरी, 2014 पासून चक टॉड आणि 2023 पासून क्रिस्टन वेल्कर असा क्रम आहे. जुने विधान पडद्यावर दाखवून प्रश्न विचारण्याची रीत आता जवळपास सगळ्याच मुलाखतकारांनी उचलली आहे, आणि राजकारणीही ते वाक्य पडद्यावर येणार हे गृहीत धरूनच स्टुडिओत येतात.

निधनानंतरचा रविवार, 15 जून, हा अमेरिकेत पितृदिन होता. ज्या माणसाने 2004 मध्ये आपल्या सफाई कामगार वडिलांवर पुस्तक लिहिले आणि ते सर्वाधिक खपाच्या यादीत नेले, त्याची खुर्ची त्या दिवशी रिकामी ठेवण्यात आली. ब्रोकॉ आणि इतर सहकारी तिच्यासमोर बसून बोलले. वडील तेव्हा बफलोला हयात होते.